नानांचं जर्मन

वसंतनानांच्या हाती पुन्हा माइक दिलात, तर माझ्याशी गाठ आहे! जळगावच्या आमच्या मंडळात मी खरेपणा आणि फसवणुकीवरची जुनी, मुकी जर्मन शॉर्टफिल्म लावली. गोष्ट साधी, घड्याळाच्या चोरीची. नाना म्हणाले, "मला जर्मन येतं, मी अर्थ सांगतो." आणि पडद्यावर अक्षरं आली की दिली ठोकून! शेवटी पडद्यावर 'एंडे' आलं. म्हणजे नुसतं 'समाप्त'.

नानांनी माइक तोंडाशी धरला. "चोर कबूल करतोय हो! म्हणतो, अंडे मीच चोरले!"

टाळ्यांचा कडकडाट!

मी नानांना बाजूला ओढलं. "अहो, निदान खरेपणाच्या सिनेमात तरी थापा मारू नका!"

नाना माझ्यावरच अहिराणीत खेकसले, "चोर सुधरना ना? मंग तुना पोटमा का दुखस?"