पहिल्या दोन सह्या

(फुलपाडा, विरार पूर्व, १९९९. संपदा शाळेत शिकवते, डेल्फिन नर्स आहे. दोघींच्या भाड्याच्या घरी सोसायटीचे सेक्रेटरी सुधाकर आलेत.)

सुधाकर : ...म्हणून म्हटलं, फळ्यावरच्या नोटिसा मॅडमच लिहितात, हा तक्रार अर्जही त्याच लिहितील. केबलवाला रविवारी तो पिक्चर लावतोय, दोन बायकांचा. मोर्चाच्या धाकाने थेटरातून उतरवला, आणि हा घराघरांत दाखवणार.

संपदा : तुम्ही पाहिलात?

सुधाकर : दोनदा. आक्षेप घ्यायचा तर अभ्यास नको?

डेल्फिन : दुसऱ्यांदा काय राहिलं होतं?

सुधाकर : कॅसेट अस्पष्ट होती, सिस्टर.

डेल्फिन : अरेरे. डोळे दुखले असतील. चहा घ्या.

सुधाकर : लिहा मॅडम. ‘सदर चित्रपटात दोन स्त्रिया एकमेकींवर...’ पुढे टिंबं द्या.

संपदा : किती?

सुधाकर : तीन. नको, पाच द्या, विषय गंभीर आहे. मग, ‘असल्या बायका आमच्या वस्तीत नाहीत व आम्ही राहू देणार नाही.’ खाली पहिल्या दोन सह्या तुमच्या.

संपदा : आमच्याच का?

सुधाकर : कमिटीत एकमत झालं. सहा वर्षांत तुमच्या दारात परका पुरुष दिसला नाही. सिस्टर ख्रिश्चन असल्या तरी एवढं सोवळं घर आख्ख्या बिल्डिंगमध्ये नाही. आमच्या हिला मी तुमचंच उदाहरण देतो. आणि हो, भाडेकरार वाढवायला लागणारं सोसायटीचं पत्र आणलंय. हे झालं की लगेच सही करतो.

डेल्फिन : कर गं सही. हे घर गेलं तर आपल्याला दुसरं कोण देणार? पडदेसुद्धा कालच नवे लावलेत.

संपदा : ही ओळ खोटी आहे.

सुधाकर : कुठली?

संपदा : असल्या बायका वस्तीत नाहीत, ती. भाऊ, या घरात पलंग एकच आहे. नोटिसा लिहून न्यायला तुम्ही सहा वर्षं इथे येऊन बसताय. दुसरी कुठे झोपते, कधी मनात आलं नाही?

सुधाकर : मला वाटलं, सिस्टरना नाइट ड्युटी असते.

संपदा : रोज नसते.

सुधाकर : ...हे पत्र मला कमिटीपुढे ठेवावं लागेल.

संपदा : ठेवा. अर्ज दुसऱ्या कुणाकडून लिहून घ्या. फक्त त्या टिंबांच्या जागी ‘प्रेम करतात’ असं लिहायला सांगा.

डेल्फिन : संपदा, ते स्टूल दे. पडदे आपले आहेत.