लाल दोऱ्याची कॅसेट

सुनीलच्या पेटीचं तुम्हाला सांगायचं राहूनच गेलं. सुनील, माझा धाकटा भाऊ, गेल्याचा पुण्याहून फोन आला, तेव्हा मी गावच्या सोसायटीनं दुष्काळात उघडलेल्या चारा छावणीत म्हशीला उसाचं वाढं टाकत होतो. पंक नावाच्या विलायती संगीतात द्वेषाचं राजकारण कसं शिरलं, हे दाखवणाऱ्या कॅसेट तो त्या पेटीत जमवायचा. बाहेरून आलेल्यांना हाकला म्हणणाऱ्या गाण्यांच्या कॅसेटला तो लाल दोरा बांधायचा. लाल म्हणजे धोका.

दिवसकार्य उरकून मी पेटी घेऊन गावी, वडवणीला आलो. टेम्पो छावणीपाशी थांबला आणि सोसायटीच्या चेअरमनच्या पुतण्यानं, बाळूनं, भोंग्यासाठी गाणी मिळतील म्हणून पेटी उघडली.

"सर, ही लावतो. दोरा बांधलाय, म्हंजे पुजेतली हाय."

मी नको म्हणेपर्यंत भोंगा सुरू झाला. शब्द कुणालाच कळत नव्हते, तरी बाळूची पोरं मुठी उगारून नाचायला लागली. परगावची जनावरं छावणीतून काढा, म्हणून आदल्याच दिवशी त्यांनी भांडण केलं होतं. ती परगावची माणसं कोपऱ्यात आपापल्या गुरांची दावी धरून उभी होती.

"लई भारी हाय रं!" बाळू पोरांना म्हणाला आणि माझ्याकडे वळला. "सर, काय म्हनतंय हे?"

अर्थ सांगितला तर त्याला गाणं आणखीच आवडेल, याची मला भीती वाटली.

"काही नाही. नुसता आरडाओरडा आहे."

"मग ऱ्हाऊ द्या आमच्याकडं. रोज लावू."

ती कॅसेट मी अजून परत मागितलेली नाही.