ओळखीची दोन माणसं

(धुळे. टीव्ही-मिक्सर दुरुस्तीचं दुकान. मालक रतिलाल, समोर स्टुलावर त्याचा बालमित्र नवीन.)

रतिलाल : नाही म्हणजे नाही. तुझ्या सत्काराला मी येणार नाही.

नवीन : नुसतं यायचं नाही, स्टेजवर माझी ओळख तूच करून द्यायची. मंडळाला तसं सांगून बसलोय.

रतिलाल : काय सांगू? चौतीस वर्षं तू काय बनवलं, ते तुझ्या बायकोलाबी ठाऊक नाही.

नवीन : रडार. त्यापुढचं सांगायची परवानगी नाही.

रतिलाल : पाहा! तोंड उघडायचं नाही, तरी बठ्ठं गाव शाल घेऊन उभं. मी याच खुर्चीत गावाचे टीव्ही उघडून म्हातारा झालो, माले कोणी नारळ नाही दिला.

नवीन : सोल्डरिंग तूच शिकवलंस मला. तेच सांग की.

रतिलाल : तेच तर सलतं! हात माझा चांगला होता, तुझ्या बोटांना नुसते चटके. पण तुझ्या बापानं तुले इंजिनिअरिंगला धाडलं, माझ्यानं माले दुकानात बसवलं. पेपरात तुझा फोटो आला की तो पेपर मी घरी नेत नाही. जळतो मी तुझ्यावर. तोंडावर सांगतो.

नवीन : माहीत आहे. तरी आलोय.

रतिलाल : हे नाही माहीत तुले. तुझी नोकरी लागली, तेव्हा साध्या कपड्यातला पोलीस आला होता, चौकशीला. मी सांगितलं, हा दंगलीत दगड मारत होता. साफ खोटं. आता बोलव स्टेजवर.

नवीन : …दहा महिने रुजू होणं अडकलं होतं माझं. बरोबरचे पुढे गेले, ते शेवटपर्यंत माझे साहेबच राहिले.

रतिलाल : माले काय ठाऊक! वाटलं, दुकान उघडं दिसलं म्हणून तो पोलीस सहज आला असेल.

नवीन : सहज नाही. फॉर्मवर ओळखीची दोन माणसं लिहायची होती. एक आपले प्रेमराज सर. दुसरा तू.

रतिलाल : मी?

नवीन : मला वाटलं, सरच काहीतरी बोलले. तुझ्यावर संशयच आला नाही कधी.

रतिलाल : अरे, मग सरांना विचारायचं!

नवीन : बोलणंच टाकलं. मी धुळ्यात आलो की निरोप धाडायचे, भेटून जा म्हणून. मागच्या वर्षी वारले, तेव्हाही गेलो नाही.