शिसपेन्सिलीची रेघ

सन्माननीय अध्यक्ष आणि आपल्या रुग्णालयाचे अधीक्षक डॉ. इट्टी, प्रमुख पाहुणे, जिल्हा न्यायालयाचे शिरस्तेदार श्री. गोपिनाथन नायर, व्यासपीठावरील मान्यवर आणि समोर बसलेल्या माझ्या परिचारिका भगिनींनो,

१४ मार्च २०१४, शुक्रवार, दुपारी बारा वाजून दहा मिनिटं. कोर्टातल्या घड्याळाकडे मी स्वतः पाहिलं होतं. त्या वेळी न्यायाधीशांनी आज निवृत्त होणाऱ्या आपल्या सिस्टर रोसिलीबद्दल निकालातल्या चार ओळी वाचल्या. 'ही साक्षीदार खाटेजवळ नव्हतीच. ती खोटारडी असून आपल्या पेशाला कलंक आहे.'

मघाशी अध्यक्ष माझ्या कानात म्हणाले, "मेट्रन, आज जरा गोड बोला. केक आणलाय." डॉक्टर, केक मी खाईन. पण हे आज नाही तर कधी बोलायचं? उद्यापासून रोसिलीचं या इमारतीत नावही उरणार नाही. उरेल ते कोर्टात, त्या चार ओळींत.

श्रीलता नावाची पोर भाजून आपल्याकडे आली तेव्हा रोसिली तिच्या उशाशी होती. "नवऱ्यानंच रॉकेल ओतलं," हे त्या पोरीचे शब्द तिनं लिहून घेतले. मृत्यूपूर्व जबाब घ्यायला मॅजिस्ट्रेट येईपर्यंत पोर टिकली नाही. ड्यूटीच्या वहीत मात्र रोसिलीचं नाव बाळंतिणींच्या वॉर्डापुढे होतं, कारण तिनं पाळी बदलून घेतली होती. मोठ्या वहीत खाडाखोड नको, म्हणून आपण अदलाबदलीची वेगळी छोटी वही ठेवतो. हा नियम कोणाचा? माझा. तीत सही कोणाची? माझी. ती वही कोर्टाच्या फायलीतच होती. न्यायाधीशांनी उघडली नाही. आणि मी? मला साक्षीला बोलावलं नव्हतं, म्हणून मागच्या बाकावर गप्प बसून राहिले. त्याची लाज माझी मला आहे. ती कोणी खोडून देऊ नये.

नवरा सुटला. श्रीलताची आई, माधवी अम्मा, रोसिलीच्या दारात येऊन म्हणाली, "तू खोटं बोललीस गं, म्हणून तो सुटला!" तेव्हापासून रोसिली दिसली की ती बाई रस्ता बदलते.

रोसिली उच्च न्यायालयात गेली. आठ वर्षं लागली. तिथे कोणीतरी ती छोटी वही उघडली. ताशेरे चुकीचे आहेत, बाईला बोलायची संधी न देता ओढलेले आहेत, काढून टाका, असा हुकूम झाला. आम्ही आनंदानं पायसमची खीर केली. मूर्ख होतो.

गेल्या महिन्यात रोसिली तो हुकूम घेऊन माधवी अम्माकडे गेली. अम्मा म्हणाली, "तुझा कागद तुझ्याकडे ठेव. माझा मी आणते." ब्याऐंशीव्या वर्षी ती बाई बसनं गेली आणि कोर्टातून निकालाची नक्कल घेऊन आली. चारही ओळी जशाच्या तशा. "यातलं काही पुसलेलं नाही, सिस्टर," एवढंच म्हणाली आणि दार लावून घेतलं.

शिरस्तेदार साहेब, मूळ कागद खराब होऊ नये म्हणून काढलेल्या ओळींवर तुमच्याकडे शिसपेन्सिलीनं फिकट रेघ मारतात, हो ना? ती झेरॉक्समध्ये उतरत नाही. मी तुमच्या टेबलाशी येऊन हे सांगितलं. तुम्ही म्हणालात, "मेट्रन, रेघ मारली आहे. आमचं काम पूर्ण झालं." कोणासाठी पूर्ण झालं, साहेब?

कॉन्व्हेंटमध्ये नन्सनी आम्हाला शिकवलं होतं, चूक झाली तर शाईनं आडवी रेघ मारा, शेजारी खरं लिहा, खाली सही करा. तेव्हा आम्ही आठ वर्षांच्या होतो.

उच्च न्यायालयाचा हुकूम त्या निकालाच्या पहिल्या पानावर लागणार की नाही, आणि दुरुस्त नक्कल माधवी अम्मांच्या पत्त्यावर कधी जाणार, याचं लेखी उत्तर मला १५ जून २०२३, गुरुवार, संध्याकाळी पाचच्या आत हवं आहे. अर्ज या पुष्पगुच्छाखाली ठेवला आहे. पोच आत्ता, सर्वांसमोर द्या.

रोसिली, तू उभी राहा. आज मागच्या रांगेत बसायचं नाही.

आपण शांतपणे ऐकलंत, आभारी आहे. माझ्या बोलण्यात काही चुकलं असेल तर क्षमा करा आणि जरूर दाखवून द्या. मी शाईनं दुरुस्त करीन आणि खाली सही करीन.