पिठाने भरलेले हातमोजे

क्रॅन्डल : हलू नकोस, लेम. मान वर कर. कानामागे राहिलंय अजून.

लेम : साहेब, मी मुळातच काळा. त्यावर ही जळक्या बुचाची काजळी कशाला?

क्रॅन्डल : काजळी फासलेला गोरा नट दिसला की लोक हसतात. खरा काळा माणूस गोऱ्याला लोळवताना दिसला, तर पडदा पेटवतील. हे काम करणाऱ्या आपल्या गोऱ्या नटाचा, हर्लीचा, पाय मुरगळला नसता, तर तुझ्या हातचा रंधा सोडवला असता का मी?

लेम : मी सुतार माणूस. मुष्टियुद्धाचं रिंगण ठोकून दिलं, आता जाऊ द्या घरी. रिनो शहरात खरी लढत झाली, काळ्या बॉक्सरने गोऱ्याला हरवलं, तेव्हा माझा मेहुणा रस्त्यात नुसता हसला होता. गोऱ्यांनी असा मारला की अजून त्याचा जबडा धड मिटत नाही. आणि तुम्ही त्याच लढतीची नक्कल करायला लावताय!

डोबी : अरे, गोऱ्या बॉक्सरचं काम माझं, मार मी खायचा आणि घाम तुला? हातमोज्यात पीठ आहे, बाबा. ठोसा बसला की फुस्स!

लेम : डोबीसाहेब, तुम्ही गोरे. तुम्ही पडलात तरी उठाल. दोरीपलीकडे बघा, अख्खं गोरं जॅक्सनव्हिल शहर लोटलंय.

क्रॅन्डल : त्यांना तू हर्लीच वाटतोयस. तोंड उघडू नकोस, म्हणजे झालं. चला, ऊन उतरतंय! कॅमेऱ्याचं हँडल सावकाश फिरव रे, म्हणजे पडद्यावर सगळं भरभर पळेल, धांदल दिसेल!

(ठोसा. पिठाचा ढग. डोबी आडवा. दोरीपलीकडे हशा आणि शिट्ट्या.)

डोबी : हॅक्‌छी! नाकात गेलं सगळं. झकास मारलास! अरे, पडायचं मी होतं, तू का खाली बसलास?

लेम : काय ओरडतायत ते?

डोबी : "शाब्बास हर्ली! अगदी खऱ्या काळ्यासारखा दिसतोस!" खूश आहेत लेकाचे. चल, साबण-पाणी ठेवलंय.

लेम : गर्दी पांगली?

डोबी : छे! फाटकाशी उभी आहे. हर्लीशी हात मिळवायचाय सगळ्यांना.

लेम : मग पाणी नको.

डोबी : बरं, असाच चल. मी आहे ना बरोबर. निदान हातमोजे तरी काढ.

लेम : नको, साहेब. आत काजळी नाही, माझेच काळे हात आहेत.