कोमिनसाहेबांना लिसडाराचा निरोप

सन्माननीय अध्यक्ष फादर क्विलिगन; आजचे सत्कारमूर्ती, आपल्या परगण्याचं भूषण, विख्यात लेखक आणि वकील श्रीयुत जर्वेस कोमिनसाहेब; त्यांच्या शेजारी, अगदी खांद्याला खांदा लावून बसलेले आमचे जमीनदार सर ह्यूबर्ट स्ट्रेटन; डब्लिनहून एवढ्या चिखलातून आलेले पाहुणे; समोरच्या बाकांवरचे व्यापारी, वकील आणि मोठे शेतकरी; आणि जेवणाचं तिकीट परवडलं नाही म्हणून दाराबाहेर उभे असलेले लिसडाराचे माझे शेजारी. फादरांनी मला पढवलेल्या क्रमात हे शेवटचं नाव नव्हतं. ते मी माझ्या पदरचं घातलं आहे.

मी फेलिम हेहिर. लिसडाराच्या वाटेवर, कुंपणाच्या आडोशाला मी शाळा चालवतो. आज मतदारांच्या वतीनं मी चार शब्द बोलावेत असं ठरलं. आता मतदार कुठे उरलेत, हे कुणी विचारलं नाही. फादर म्हणाले, "मास्तर, गोड बोला आणि थोडक्यात बोला, मटण निवतंय." थोडक्यात बोलेन. गोडाचं पाहू.

डब्लिनच्या पाहुण्यांना प्रश्न पडला असेल की पार्लमेंटासाठी लंडनला निघालेल्या एवढ्या मोठ्या लेखकाच्या निरोपाला हा फाटक्या कोटाचा मास्तर कशाला उभा केला? तर मंडळी, कोमिनसाहेबांनी लिहिलेलं प्रत्येक पत्रक या परगण्यातल्या गरिबानं माझ्या तोंडून ऐकलंय. रविवारची मिस्सेची प्रार्थना संपली की चॅपलच्या फाटकापाशी दगडावर चढायचं, इंग्रजी वाचायचं आणि वाक्यागणिक आमच्या भाषेत सांगायचं, हे काम माझं. पाऊस असला तरी माणसं हलत नसत. आणि साहेबांची वाक्यं काय सांगू! वाक्य सुरू व्हायचं तेव्हा बाई पोराला पाजायला घ्यायची आणि क्रियापद यायचं तेव्हा पोर झोपलेलं असायचं.

पहिल्याच पत्रकात साहेबांनी लिहिलं होतं की कॅथलिकांवर घटनात्मक अपात्रता लादलेल्या आहेत. मी थबकलो. समोर मर्टी लिडेन उभा होता. लिसडाराचा म्हातारा, वर्षाला चाळीस शिलिंगांच्या जमिनीच्या तुकड्यावर मत असलेलं कूळ. तो ओरडला, "मास्तर, अडलास का? काय म्हणतोय तो?"

मी म्हटलं, "म्हणतोय, मर्टी, की तुला मत देता येतं, पण तुझ्या धर्माच्या माणसाला पार्लमेंटात बसता येत नाही. जेवणाची लाकडं आपण फोडायची, पान मात्र प्रॉटेस्टंट मालकांनीच मांडून बसायचं."

"हे आम्हाला ठाऊकच होतं की रे! एवढं सांगायला त्यानं कागद कशाला नासला?"

सगळे हसले. पण मर्टी पुढच्या रविवारी सगळ्यांत आधी येऊन उभा होता. त्याच्या पुढच्याही. साहेब, तुमच्या शब्दांवर त्या माणसानं जीव टाकला हो. मी पाहिलंय ते.

मग गेल्या सालच्या उन्हाळ्यातली निवडणूक आली. आपल्याकडे मत कसं दिलं जातं ते सगळ्यांना माहीत आहे. कारभारी घोड्यावर पुढे आणि त्याच्यामागे जमीनदाराची कुळं. मग एकेकानं फळीवर चढायचं आणि चारचौघांत, कारभाऱ्याच्या डोळ्यांदेखत, मोठ्यानं नाव उच्चारायचं. गुपचूप काही नाही. आजवर कुळानं मालकाच्या माणसाचं नाव घेतलं आणि मुकाट घरी गेलं. पण त्या आठवड्यात साहेबांचं पत्रक आलं होतं. त्यातलं एक वाक्य मला तोंडपाठ आहे. ऐका. "ज्या दिवशी हे गरीब कूळ निर्भयपणे आपले मत उच्चारील, त्या दिवसापासून त्याच्या चुलीवर उगारलेला हात प्रथम आमच्या छातीवर पडेल."

टाळ्या वाजवा की! तेव्हा वाजल्या होत्या.

मर्टी फळीवर चढला. आमच्या कॅथलिक उमेदवाराचं नाव त्यानं असं घेतलं की नदीपलीकडे ऐकू गेलं. कारभारी घोड्यावरून वाकला आणि म्हणाला, "मर्टी, तुझी गाय कुणाच्या गवतावर चरते, विसरलास वाटतं?"

मर्टी म्हणाला, "नाही विसरलो, मालक. गाय तुमच्याच गवतावर चरते. पण आज मत द्यायला मी गाईला आणलेलं नाही."

सर ह्यूबर्ट, तुम्ही हसताय. हसा. विनोद चांगलाच होता. त्या दिवशी तुम्ही हसला नव्हतात, एवढंच.

त्याच्यामागून सगळं लिसडारा चढलं. एकानंही मालकाच्या माणसाचं नाव घेतलं नाही. कायद्यानं ज्याला पार्लमेंटात बसता येत नव्हतं असा आमचा माणूस निवडून आला, लंडनचं सरकार हादरलं, आणि यंदा एप्रिलमध्ये कॅथलिकांच्या मुक्तीचा कायदा झाला. टेकड्याटेकड्यांवर होळ्या पेटल्या. मीही नाचलो, या वयात. कोमिनसाहेबांसारख्या माणसाला आता पार्लमेंटात बसता येणार, न्यायाधीश होता येणार, झगा घालता येणार. व्हायलाच हवं होतं ते. त्याबद्दल माझ्या मनात तिळमात्र किल्मिष नाही.

पण मंडळी, त्याच दिवशी, त्याच हातांनी दुसरा कायदा केला. होळी विझायच्या आत तोही मी फाटकापाशी वाचला. चाळीस शिलिंगवाल्याचं मत गेलं. आता दहा पौंडांची, म्हणजे पाचपट किमतीची, जमीन असेल त्यालाच मत. म्हणजे ज्यांनी दार फोडलं त्यांना बाहेर ठेवून दार पुन्हा लावलं. हा सौदा कुणी केला? सरकारनं केला हे मला कळतं. सरकार आमचं कधी होतं? पण आपल्या बड्या लोकांतून, या बाकांवरून, एक तरी आवाज उठला का? खुर्च्या मिळत होत्या ना! खुर्चीवर बसताना खाली कोण चिरडतंय ते कोण बघतो?

फादर, कोट ओढू नका. जुना आहे, फाटेल.

आवाज एकच उठला. तो कोमिनसाहेबांचा. त्यांचं मे महिन्यातलं पत्रक आलं तेव्हा लोक धावत जमले. म्हणाले, आता साहेब आपल्यासाठी भांडणार. मी दगडावर चढलो आणि वाचायला लागलो. "हा वर्ग खऱ्या अर्थाने मतदार कधी नव्हताच. जमीनदाराने हाकलले तिकडे तो गेला, धर्मगुरूने हाकलले तिकडे वळला. अशा कळपाचे मत गमावून देशाने काहीही गमावलेले नाही."

एवढं वाचून मी कागद उलटून खालचं नाव पुन्हा पाहिलं. लोक वाट पाहत होते. मर्टी म्हणाला, "मास्तर, सांग की. बरं लिहिलंय ना?"

मी जसंच्या तसं सांगितलं. एक शब्द मऊ केला नाही. मर्टीनं विचारलं, "मागच्या साली तर आम्ही सिंह होतो ना रे? त्यांनीच लिहिलं होतं."

"हो. सिंहच लिहिलं होतं."

"आणि आता कळप?"

"आता कळप."

"मेंढरांना निदान लोकर असते," मर्टी म्हणाला, आणि घरी गेला. त्यानंतर तो पत्रक ऐकायला आला नाही.

हे एवढ्यावर थांबलं असतं तर मीही आज गप्प बसून मटण खाल्लं असतं. शब्दांनी कुणाचं छप्पर उडत नाही, अशी मी मनाची समजूत घातली असती. पण पुढे ऐका.

लिसडाराचे तुकडे पाडले ते सर ह्यूबर्टांच्या वडिलांनी. त्यांना मतं हवी होती, आणि जितके तुकडे तितकी मतं. मताला कुणाच्या तरी हयातीइतका पट्टा लागायचा; तो लिहिला त्या वडिलांच्या धाकट्या भावाच्या, ॲडमिरल स्ट्रेटन यांच्या आयुष्यावर. ॲडमिरल जिवंत तोवर पट्टा जिवंत. आता गंमत बघा. ॲडमिरल राहायचे तिकडे इंग्लंडात, बाथला. लिसडारानं त्यांचं नखही पाहिलं नव्हतं. कॅथलिक म्हटलं की थुंकणारा माणूस! पण रोज संध्याकाळी लिसडाराच्या प्रत्येक घरात रोझरीची जपमाळ संपली, मेलेल्यांसाठी मागून झालं, की 'नमो मरिया'ची शेवटची एक प्रार्थना ॲडमिरलच्या छातीसाठी. मर्टीची बायको ओनी तर कळवळ्यानं म्हणायची, "आयुष्य समुद्रावर गेलं हो बिचाऱ्याचं, गारठा भिनला असेल." त्यांना पडसं झालंय अशी उडती बातमी आली की पोरंसुद्धा गुडघ्यावर बसायची. कुठल्या ॲडमिरलला एवढं प्रेम मिळालंय?

या ऑगस्टमध्ये ॲडमिरल वारले. याआधी असं कुणी गेलं की आठवड्याच्या आत कारभारी नवा पट्टा घेऊन यायचा, नवं नाव घालायचा, वर व्हिस्कीही पाजायचा. कारण मत चालू ठेवायचं होतं. या वेळी त्यानं व्हिस्की आणली नाही. घरं रिकामी करा म्हणून सांगून गेला, सर्व संतांच्या सणाच्या आत. म्हणजे हा शनिवार सोडून पुढच्या शनिवारपर्यंत. ज्याच्याकडे मत नाही तो माणूस जमीनदाराला कशाला हवा? कुळापेक्षा बैल बरा, तो विकता तरी येतो. साहेब, देशानं काही गमावलं नसेल. लिसडारानं काय गमावलं ते आता दिसलं का?

सर ह्यूबर्ट, तुमच्यावर माझा राग नाही, असं मी म्हणणार नाही. आहे. पण तुमच्याकडून आम्ही दुसरी अपेक्षा कधी केली नव्हती. लांडग्यानं कोकरू नेलं तर माणूस लांडग्याशी वाद घालत बसत नाही.

ओनी कारभाऱ्याच्या दारात गेली. पदर पसरला. म्हणाली, "मालक, हिवाळा जाऊ द्या. नवरा म्हातारा आहे, बटाटे अजून जमिनीत आहेत."

कारभारी म्हणाला, "माझ्यापुढे काय रडतेस? जमीन कोमिनसाहेबांनी मागितलीय. तुमचेच ना ते? कुरण करायचंय त्यांना. रिकामी करून द्या, अशी अट आहे त्यांची."

डब्लिनच्या पाहुण्यांना हे कुणी सांगितलं नसणार. पार्लमेंटात बसायचं तर नावावर जमीन लागते. कॅथलिक असणं आता आड येत नाही, पण जमीन नसणं आड येतं. म्हणून सर ह्यूबर्टांनी लिसडारा लांब मुदतीच्या पट्ट्यानं कोमिनसाहेबांना द्यायचं ठरवलंय. शेतं नकोत, माणसं नकोत, नुसतं गवत हवंय. म्हणून आज हे दोघे खांद्याला खांदा लावून बसलेत, आणि आपण त्याला दोन धर्मांचा सलोखा म्हणून टाळ्या वाजवल्या. कोमिनसाहेब, तुम्ही मान हलवताय, पण 'खोटं आहे' असं म्हणत नाही आहात.

ओनी तिथून थेट माझ्याकडे आली. रडली नाही. मला म्हणाली, "मास्तर, चुलीवरचा हात आधी त्यांच्या छातीवर पडेल, असं तुम्ही वाचलं होतंत ना? की माझ्या ऐकण्यात चूक झाली?"

मला इतका संताप आला की दोन दिवस मी शाळा उघडली नाही. पोरांना अक्षरं कशाला शिकवायची? अशीच पत्रकं वाचायला?

काय म्हणालात, साहेब? ही ती जागा नव्हे? मग कुठली जागा? तुमच्या घरी गेलो तर साहेब बाहेर गेलेत. कचेरीत गेलो तर साहेब कामात आहेत. पार्लमेंटात आम्हाला कोण सोडणार? मर्टीनं आपला पोटाचा घास पणाला लावला तो भर बाजारात, कारभाऱ्यासमोर. त्याला कुणी म्हणालं नव्हतं की ही ती जागा नव्हे.

फादर, दोनच मिनिटं. घंटा वाजवा हवी तर, मी तिच्यापेक्षा मोठ्यानं बोलेन.

दारातल्या मंडळींनो, जरा वाट द्या. याच्याशी आमच्या भाषेत बोलतो. मर्टी, आत ये. ये रे, बुटांचा चिखल राहू दे. असा इथे, व्यासपीठासमोर उभा राहा. टोपी काढलीस तर माझ्याशी गाठ आहे.

कोमिनसाहेब, हा मर्टी लिडेन. याच्यावर तुम्ही भरभरून लिहिलंत, पण तुमची भेट झालेली नाही. याला इंग्रजी येत नाही, तेव्हा मी आत्तापर्यंत काय बोललो ते याला कळलेलं नाही. लिसडारा रिकामं हवं, एवढंच तुम्हाला म्हणायचं असेल तर ते कारभाऱ्याच्या तोंडून नको. उठा, याच्याकडे बघा आणि मोठ्यानं म्हणा. तुमची इतकी पत्रकं मी याला आमच्या भाषेत सांगितली, हे एक वाक्यही सांगेन. आणि त्या कुरणावर पाऊल ठेवणार नाही असं म्हणायचं असेल, तर तेही सांगेन, आणि इथेच तुमच्या पाया पडेन.

अध्यक्ष महाराज, बोलायची संधी दिलीत, आभारी आहे. पाहुण्यांचं जेवण निवलं, त्याबद्दल क्षमा असावी. बोलण्यात अधिकउणं झालं असेल, मान राखायचा राहून गेला असेल, तर सभेनं पोटात घालावं. मी खाली बसत नाही. दुभाष्या लागेल.

बोला, साहेब. तो तुमच्या तोंडाकडे बघतोय.