पांढऱ्यात नीळ

ल्योंमधल्या डोळ्यांच्या दवाखान्यात गास्ताँ वेर्दिये पट्टी काढून घ्यायला बसले होते. चाळीस वर्षं सिनेमाचा कॅमेरा सांभाळलेला माणूस. परवाच त्यांचा मोतीबिंदू काढला होता. शेजारच्या बाकावर दोन म्हाताऱ्या गप्पा मारत होत्या.

“अगं ह्युगेत, पट्टी काढून घरी गेले आणि स्वयंपाकघर बघून दचकलेच! भिंती निळ्या!”

“तूच सांगितला असशील निळा.”

“छे! मी पांढराच सांगितला होता, पण मेला पिवळा दिसायचा. रंगारी म्हणायचा, मादाम, हा पांढराच आहे. मी ऐकतेय कसली! म्हटलं, घाल आणखी नीळ.”

“म्हणजे पिवळेपणा तुझ्या मोतीबिंदूचा!”

“तर काय! आणि आंधळा म्हणाले गं मी त्याला, चारचौघांत.”

“माफी मागितलीस?”

“आता कुठे? विसरलाही असेल तो.”

वेर्दियेंचे कान तापले. “असं कुणी विसरत नाही, मादाम.”

“अगंबाई! तुम्ही रंगारी का?”

“नाही, मी सिनेमावाला. माझा जुना सिनेमा नव्यानं साफ करत होते. बर्फ मला पिवळा दिसायचा, म्हणून मी निळा वाढवायला लावत होतो. रंग बघणारी नोलवेन म्हणाली, बर्फ निळा होतोय. मी सगळ्यांसमोर म्हणालो, हा बर्फ मी टिपला तेव्हा तू जन्मलीही नव्हतीस. तिला कामावरून काढायला लावलं.”

“आणि सिनेमा?”

“लागला. आज पेपरात आलंय, असा निळा बर्फ टिपावा तर वेर्दियेंनीच.”